बलराज साहनी : एका सुशिक्षित नटाची जीवनकहाणी



आपल्या स्मरणिकेत शिक्षणतज्ज्ञांची, समाजसुधारकांची, शास्त्रज्ञांची चरित्रे येत असतात आणि ती यावीत हेच योग्य. यंदा मात्र एका सिनेनटाची कहाणी मी आपणांपुढे ठेवीत आहे. मुलांना सिनेमाच्या नादापासून कसे दूर ठेवावे, यावर ज्या घरांत रोज वाद होतात, त्या घरांतील वडीलधाऱ्यांच्या कपाळावर हे वाचून आठी पडेल, याची मला कल्पना आहे. माझी विनंती एवढीच की, कहाणी पुरती वाचावी आणि मग काय तो निकाल द्यावा.

हा नट इंग्रजी साहित्य घेऊन एम.ए. झाला होता. त्याने मास्तरकी केली, मासिकाचे काम केले, लंडनच्या रेडिओवर निवेदन केले. आणि एवढे सगळे शिकूनही, किंबहुना एवढे शिकल्यामुळेच, त्याला अभिनय येईना. तो यायला वयाची चाळिशी उजाडावी लागली. त्याला तो कोणी शिकविला, हे पुढे येईलच.

बलराज साहनी यांचा जन्म १ मे १९१३ रोजी रावळपिंडी येथे झाला. त्यांचे पाळण्यातले नाव युधिष्ठिर. घरातल्या एका वडीलधाऱ्या बाईंना हे नाव काही केल्या नीट उच्चारता येईना, म्हणून ते बदलून बलराज ठेवण्यात आले. वडील हरबन्सलाल हे कापडाच्या व्यापारातले, आर्यसमाजी विचारांचे, करड्या शिस्तीचे गृहस्थ होते. धाकटे भाऊ भीष्म. हेच पुढे हिंदीतील थोर कथाकार भीष्म साहनी म्हणून प्रसिद्धीस आले.

शिक्षणासाठी बलराज लाहोरच्या गव्हर्न्मेंट कॉलेजात गेले. त्या काळी पंजाबात त्या कॉलेजाचा दबदबा मोठा होता. उर्दू वाचणाऱ्या आपल्या घरांतून पतरस बुखारी हे नाव अनोळखी नसावे. उर्दूचे हे नामवंत विनोदी लेखक त्या कॉलेजात इंग्रजी शिकवीत आणि मुलांची नाटकेही बसवीत. बलराज यांना नाटकाची गोडी लागली ती येथेच. उत्तम इंग्रजी, उत्तम सूट, ऐटबाज चालणे-बोलणे असा तो विद्यार्थी होता. मुलगा शिकला, आता दुकान सांभाळील, या समजुतीने वडिलांनी त्यांना रावळपिंडीला परत आणले. १९३६ साली दमयंती या गुणी मुलीशी त्यांचे लग्नही झाले.

पण दुकानात जीव रमेना. १९३७ मध्ये भरलेले घर आणि चालता धंदा सोडून नवराबायको लाहोरला निघून गेली आणि तेथे 'मंडे मॉर्निंग' नावाचे इंग्रजी साप्ताहिक काढले. ते थोड्याच दिवसांत बंद पडले. पालकहो, येथवर वाचून आपणांस हरबन्सलालजींची बाजू पटत असेल, तर ती मलाही पटते. एम.ए. झालेला मुलगा हातचा धंदा टाकून नुकसानीचे साप्ताहिक काढतो, हे कोणत्या बापाला रुचेल? पण बलराज परत गेले नाहीत. कलकत्त्यास जाऊन त्यांनी थोडेफार लेखन केले आणि तेथून ते रवींद्रनाथ टागोरांच्या शांतिनिकेतनात शिक्षक म्हणून रुजू झाले.

शांतिनिकेतनातला एक प्रसंग मोठा बोधप्रद आहे. बलराज तेव्हा हिंदीत कथा लिहीत. आपल्या मातृभाषेत, म्हणजे पंजाबीत, का लिहीत नाही, असे टागोरांनी त्यांना विचारले. पंजाबी ही अजून मागासलेली भाषा आहे, असा काहीसा बचाव बलराज यांनी केला. तेव्हा ज्या भाषेत गुरू नानकांनी रचना केली तिला मागासलेली कसे म्हणता येईल, अशा अर्थाचे उत्तर देऊन टागोरांनी त्यांना निरुत्तर केले. ते त्या वेळी पटले नाही, पण मनात मात्र रुतून बसले. पुष्कळ वर्षांनी, नामवंत नट झाल्यावर, बलराज गुरुमुखी लिपीत लिहू लागले आणि शेवटपर्यंत पंजाबीतच लिहीत राहिले. घरात एक भाषा, शाळेत दुसरी आणि नोकरीसाठी तिसरी अशी ओढाताण आपल्या मुलांच्या वाट्याला रोज येते, म्हणून हा प्रसंग मुद्दाम सांगितला.

शांतिनिकेतनातून ते आले थेट आपल्या महाराष्ट्रात, वर्ध्याजवळच्या सेवाग्रामला. गांधीजींच्या नई तालीम योजनेचे काम तेथे जोरात चालू होते. या योजनेची रूपरेषा डॉ. झाकिर हुसेन यांच्या अध्यक्षतेखालील समितीने आखली होती, हे शिक्षक मंडळींना ठाऊक आहेच. बलराज 'नई तालीम' या मासिकाच्या कामात होते. तेथेच लायोनेल फील्डन या रेडिओच्या बड्या अधिकाऱ्याशी त्यांची गाठ पडली आणि बी.बी.सी.च्या हिंदुस्तानी विभागात निवेदक म्हणून त्यांना लंडनचे बोलावणे आले. तान्ह्या मुलाला, परीक्षितला, आजीआजोबांपाशी ठेवून नवराबायको युद्धाच्या धामधुमीत लंडनला गेली. जॉर्ज ऑर्वेल हे सुप्रसिद्ध लेखक त्या वर्षांत बी.बी.सी.च्या पूर्वेकडील देशांसाठीच्या विभागातच काम करीत होते. मायक्रोफोनपुढे साधे, स्पष्ट, ओघवते कसे बोलावे हे बलराज तेथे शिकले. त्यांचे संवाद ऐकताना एकही शब्द वाया जात नाही. त्याचे मूळ लंडनच्या त्या निवेदनात आहे, असे मला वाटते.

युद्ध चालू असतानाच ते परतले आणि मुंबईला आले. कॉलेजातले मित्र चेतन आनंद यांनी सिनेमात कामे मिळतील अशी आशा दाखविली होती. सिनेमा बाजूलाच राहिला; भेटले ते इप्टा, म्हणजे जननाट्य संघ. ऑपेरा हाऊसजवळच्या देवधर हॉलमध्ये इप्टाची मंडळी जमत. बलराज सहज म्हणून तेथे गेले असता ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपले 'जुबैदा' हे नाटक वाचून दाखविले आणि ते बलराज साहनी बसवतील, असे परस्पर जाहीरही करून टाकले. अब्बास तसेच होते म्हणतात! त्याच काळात त्याच चळवळीत आपले शाहीर अण्णाभाऊ साठे, गव्हाणकर आणि बार्शीचे अमर शेख पोवाडे आणि लोकनाट्ये गाजवीत होते. सुटाबुटातले लाहोरी एम.ए. आणि चौकातल्या सभेत डफावर थाप मारणारे शाहीर अशा एका चळवळीत आले.

१९४६ साली अब्बासांनी 'धरती के लाल' हा बोलपट काढला. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळावरचा हा चित्रपट इप्टाच्या नावावर, अगदी तुटपुंज्या पैशांत, कोणत्याही बड्या स्टुडिओच्या आश्रयावाचून तयार झाला. गर्दीच्या प्रसंगांसाठी आपल्या धुळे भागातील किसान सभेचे शेतकरी आले होते. बलराज आणि दमयंती दोघांनीही त्यात कामे केली. पैशाच्या हिशेबाने हा धंदा आतबट्ट्याचाच ठरला. पण स्टुडिओबाहेर, स्वतःच्या हिमतीवर चित्रपट काढता येतो हे त्याने दाखवून दिले.

दमयंती त्या वेळी पृथ्वी थिएटर्सच्या 'दीवार' नाटकात कामे करून नावारूपाला आली होती. घर बरेचसे तिच्याच मिळकतीवर चाले. एप्रिल १९४७ मध्ये ती वारली. दोन लहान मुले मागे राहिली, परीक्षित आणि शबनम. चारच महिन्यांत फाळणी झाली आणि रावळपिंडीही तुटली. बायको गेली, गाव गेले, हाताला काम नाही. पुढे त्यांनी संतोष यांच्याशी दुसरा विवाह केला. कम्युनिस्ट पक्षाच्या चळवळीत असल्यामुळे स्वातंत्र्यानंतर दोनेक वर्षांत त्यांना अटक झाली. त्या वेळी के. आसिफ यांच्या 'हलचल' चित्रपटात ते काम करीत होते आणि भूमिका होती तुरुंगाधिकाऱ्याची! आसिफ यांनी सरकारदरबारी खटपट करून परवानगी मिळविली. मग हा कैदी तुरुंगातून पोलिसांच्या पहाऱ्यात स्टुडिओत येई, तुरुंगाधिकाऱ्याचा गणवेश चढवून हुकूम सोडी आणि काम संपले की परत कोठडीत जाई. कोणी गोष्टीत लिहिले असते तर अतिशयोक्ती म्हणून आपण सोडून दिले असते.

अशा ओढगस्तीच्या दिवसांत 'बाझी' या १९५१ च्या चित्रपटाचे लेखन त्यांनी केले. गुरुदत्त यांनी दिग्दर्शित केलेला तो पहिला चित्रपट. तो चांगला चालला. त्याच वर्षी झिया सरहदी यांच्या 'हम लोग'मुळे नट म्हणूनही बलराज यांचे नाव झाले.

नाव झाले, तरी एक दुखणे होते. कॅमेऱ्यापुढे उभे राहिले की त्यांचे अंग लाकडासारखे ताठ होत असे. तोंडातून शब्द फुटत नसे. हे कोणा टीकाकाराचे मत नव्हे. त्यांनी स्वतःच आपल्या चित्रपटविषयक आत्मकथेत ते काहीही न झाकता लिहून ठेवले आहे. अभिनयावरची पुस्तके त्यांनी वाचली होती, पण पुस्तकाने अंगाचा ताठा जात नव्हता. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनाच्या तालमी मी दरवर्षी घेतो. वर्गात पहिला येणारा मुलगा रंगमंचावर खांबासारखा उभा राहतो आणि मागच्या बाकावरचा, जो एरव्ही मला छळतो, तो सहज वावरतो. हे पाहताना मला दरवेळी बलराज साहनी आठवतात.

आता 'दो बिघा जमीन'कडे वळू.

दिग्दर्शक बिमल रॉय यांना शंभू महतो या शेतकऱ्याच्या भूमिकेसाठी नट हवा होता. कोणी बलराज यांचे नाव सुचविले. बलराज भेटायला गेले ते चांगल्या सुटात. त्यांना पाहून बिमलदांचा चेहरा उतरला. हा साहेबी माणूस कलकत्त्यात रिक्षा ओढणारा शेतकरी कसा दिसावा? तेव्हा बलराज यांनी 'धरती के लाल'मधल्या आपल्या शेतकऱ्याचा दाखला दिला आणि भूमिका मिळाली. मिळाली खरी, पण आता पोटात गोळा उठला.

मुंबईत जोगेश्वरीला उत्तर प्रदेशातून आलेल्या म्हशीवाल्या भय्यांची वस्ती होती. बलराज तेथे जाऊन बसू लागले. ते गमछा कसा गुंडाळतात, उकिडवे कसे बसतात, जेवताना हात कसा चालतो, मालकाशी बोलताना मान किती वाकते, हे सगळे डोळ्यांत साठवू लागले. नंतर कलकत्त्याला जाऊन हातरिक्षा ओढायला शिकले. मित्रहो, ही रिक्षा म्हणजे आपली तीनचाकी नव्हे, सायकलरिक्षाही नव्हे. दोन मोठी चाके, पुढे दोन लाकडी दांडे, आणि त्या दांड्यांमध्ये माणूस. तोल साधला तर गाडी पळते, नाही तर बसलेला मागे आपटतो आणि ओढणारा वर उचलला जातो. तापलेल्या डांबरावरून अनवाणी धावायचे. गर्दीत लपविलेल्या कॅमेऱ्याने चित्रण चाले आणि रस्त्यावरच्या लोकांना हा नट आहे याचा पत्ताही नसे. एकदा ते त्याच वेषात पानाच्या दुकानावर गेले आणि पाच रुपयांची नोट पुढे केली. दुकानदाराने त्यांना खालीवर न्याहाळले आणि नोट खोटी तर नाही ना म्हणून उजेडात धरून पाहिली. लंडनच्या बी.बी.सी.त निवेदन केलेला माणूस! अंगावरचे कपडे बदलले की माणसाची पत कशी बदलते, हे त्यांनी त्या दिवशी अनुभविले.

तरीही आतून भीती जात नव्हती. आपण सोंग करतो आहोत, हे उसने आहे, असे वाटत राही. अशाच एका वेळी ते खिन्न होऊन बसले असता एक मध्यमवयीन रिक्षावाला जवळ आला. बिहारकडचा, कष्टाने पिचलेला. हा काय प्रकार चालला आहे, असे त्याने विचारले. बलराज यांनी त्याला चित्रपटाची गोष्ट सांगितली : शेतकऱ्याची दोन बिघे जमीन जमीनदाराकडे अडकते, ती सोडविण्यासाठी तो शहरात येऊन रिक्षा ओढतो. ऐकता ऐकता त्या माणसाचे डोळे भरून आले. त्याचीही दोन बिघेच जमीन होती. तीही जमीनदाराकडे अडकली होती. तिच्यासाठीच तो कलकत्त्याला आला होता, वर्षांमागून वर्षे गेली होती आणि जमीन सुटण्याची आशा उरली नव्हती. ही तर आपलीच गोष्ट आहे, असे म्हणत तो निघून गेला.

बलराज लिहितात की, त्या क्षणी त्यांनी अभिनयाच्या साऱ्या उपपत्ती बाजूला सारल्या. आपण येथे कला दाखवायला आलो नसून या माणसाची कैफियत जगापुढे मांडायला आलो आहोत, एवढेच त्यांनी मनाशी धरले. त्या रिक्षावाल्याचे नावगाव कोणत्याही पुस्तकात नाही. पण लाहोरच्या कॉलेजात आणि पुस्तकांत जे मिळाले नव्हते, ते त्याने पंधरा-वीस मिनिटांत दिले. अंगाचा ताठा गेला.

चित्रपट १९५३ साली प्रदर्शित झाला. दुसऱ्या वर्षी कान येथील महोत्सवात त्याला आंतरराष्ट्रीय पारितोषिक मिळाले. फिल्मफेअर पारितोषिके सुरू झाली तेव्हा उत्कृष्ट चित्रपटाचे पहिलेच पारितोषिक याला मिळाले. शेवटी शंभू आपल्याच जमिनीवर उभ्या राहत असलेल्या कारखान्याच्या कुंपणाशी येतो, मूठभर माती उचलतो आणि पहारेकरी ती मूठ त्याला उघडायला लावतो. हा प्रसंग ज्यांनी पाहिला असेल, त्यांना मी अधिक सांगायला नको.

पुढची पंधरा वर्षे भराभर सांगतो. 'सीमा', 'गर्म कोट', 'अनुराधा', 'हकीकत', 'वक्त', 'दो रास्ते' असे कितीतरी चित्रपट. टागोरांच्या कथेवरच्या 'काबुलीवाला'त (१९६१) त्यांनी अब्दुल रहमान खान हा पठाण असा काही वठविला की, सुकामेवा विकणारा माणूस दिसला की जुन्या पिढीला तेच आठवतात. रावळपिंडीच्या बाजारात लहानपणी पाहिलेले पठाण येथे उपयोगी पडले असणार. या काळात त्यांनी सामान्य, रडव्या कौटुंबिक चित्रपटांतूनही बरीच कामे केली. कुटुंब चालवायचे होते, जुहूला घर बांधायचे होते. या तडजोडीची टोचणी त्यांना होती आणि तीही त्यांनी लपविली नाही. त्यांच्या चाहत्यांना हे कबूल करणे जड जाते, पण झाकून ठेवण्यात काय अर्थ? १९६२ साली ते पाकिस्तानात जाऊन लाहोर, रावळपिंडी आणि वडिलोपार्जित भेरा गाव पाहून आले आणि त्या प्रवासावर त्यांनी पंजाबीत पुस्तक लिहिले. रशियाच्या प्रवासवर्णनाला सोव्हिएत लँड नेहरू पुरस्कार मिळाला. १९६९ मध्ये त्यांना पद्मश्री देण्यात आली.

मे १९७० मध्ये भिवंडीत भीषण दंगल झाली. आपल्यापैकी काहींच्या घरांत तिच्या आठवणी अजून निघतात. बलराज साहनी, ख्वाजा अहमद अब्बास आणि आय. एस. जोहर भिवंडीला निघाले, तेव्हा बलराज यांनी मुंबईत आलेल्या धाकट्या भावालाही सोबत नेले. उद्ध्वस्त गल्ल्यांतून, जळलेल्या घरांतून आणि थांबलेल्या मागांमधून फिरताना भीष्मजींना १९४७ च्या मार्चमधली रावळपिंडी आठवू लागली. तेथे मारले गेलेले आणि येथे मारले गेलेले यांचे धर्म वेगळे होते, राखेचा वास मात्र तोच होता. दिल्लीला परतल्यावर ते लिहायला बसले. 'तमस' ही त्यांची कादंबरी अशी जन्मली. १९७५ चा साहित्य अकादमी पुरस्कार तिला मिळाला. तिची सुरुवात आपल्या भिवंडीतल्या त्या पायपिटीत आहे, हे फार थोड्यांना माहीत असते.

मार्च १९७२ मध्ये बलराज यांची मुलगी शबनम वारली. त्या आघातातून ते उठले नाहीत, असे त्यांच्या जवळची माणसे सांगतात. त्याच वर्षी जवाहरलाल नेहरू विद्यापीठाच्या पदवीदान समारंभात त्यांनी भाषण केले. राजकीय स्वातंत्र्य मिळाले तरी आपली मने अजून उसन्या विचारांवर चालतात, असा त्याचा रोख होता. पदवीदानाला नटाला बोलवावे आणि त्याने विद्यार्थ्यांना अंतर्मुख करावे, असे तोवर क्वचितच घडले असेल.

आणि मग आला 'गर्म हवा'.

इस्मत चुगताई यांच्या अप्रकाशित कथेवरून कैफी आझमी आणि शमा झैदी यांनी पटकथा लिहिली होती आणि एम. एस. सथ्यू हे दिग्दर्शक होते. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनने अडीच लाख रुपये कर्ज दिले. एकंदर खर्च दहा लाखांच्या घरात गेला. तो उसनवारीवर भागविण्यात आला. कॅमेराही मित्राने दिलेला. ध्वनिमुद्रणाची यंत्रे नेणे परवडत नव्हते, म्हणून आग्र्याला नुसतेच चित्रण करायचे आणि आवाज मुंबईला येऊन भरायचा, असे ठरले. आग्र्यात विषय कळताच काही लोकांनी विरोध सुरू केला. तेव्हा रिकामा कॅमेरा देऊन एक खोटी तुकडी भलतीकडेच पाठवायची आणि गर्दी तिकडे गेली की खरे काम उरकायचे, अशी युक्ती सथ्यूंनी योजली. म्हाताऱ्या आईची भूमिका आग्र्याच्याच बदर बेगम यांनी केली. त्या सत्तरीच्या पुढच्या आणि डोळ्यांनी अधू होत्या. सोळाव्या वर्षी सिनेमात काम करायचे म्हणून त्या मुंबईला पळून गेल्या होत्या, ती हौस अशी इतक्या वर्षांनी फिटली. धाकटा मुलगा सिकंदर झाले फारूक शेख, तेव्हा कायद्याचे विद्यार्थी. त्यांना साडेसातशे रुपये मिळाले.

बलराज साहनी झाले सलीम मिर्झा. आग्र्यात जोड्यांचा छोटा कारखाना चालविणारे मिर्झासाहेब. फाळणी झाली आहे. थोरला भाऊ पाकिस्तानात जातो. वाडवडिलांची हवेली त्याच्या नावावर असल्यामुळे देश सोडून गेलेल्याची मालमत्ता म्हणून ती कस्टोडियनच्या ताब्यात जाते. बँक कर्ज देत नाही, भाड्याने घर मिळत नाही. थोरला मुलगा निघून जातो. मुलगी आमिना हिचे लग्न दोनदा ठरते आणि दोन्ही वेळा मुलगा सीमेपलीकडे जातो. बी.ए. झालेला सिकंदर कचेऱ्यांचे उंबरठे झिजवितो. आणि हवेलीच्या नकाशावरून मिर्झासाहेबांवर हेरगिरीचा आळ येतो. एवढे सगळे होऊनही हा माणूस आवाज चढवीत नाही. अल्लावर भरवसा ठेवतो, काठी घेतो आणि पुन्हा कामाला लागतो.

२०१४ साली या चित्रपटाची नवी स्वच्छ केलेली प्रत प्रदर्शित झाली, तेव्हा मी बी.एड.च्या वर्गात होतो. नंतर घरी अब्बांना तो दाखविला. अब्बांचे एक चुलते १९४८ साली कराचीला गेले ते परत आले नाहीत. आमच्या घरी त्यावर कोणी फारसे बोलत नाही. चित्रपटात म्हातारी आई हवेली सोडताना लाकडे ठेवायच्या खोलीत लपून बसते, तेथे अब्बा उठून बाहेर गेले. थोड्या वेळाने परत येऊन बसले. हा नट आग्र्याचाच मुसलमान असणार, असे ते शेवटपर्यंत धरून चालले होते. तो हिंदू असून रावळपिंडीहून इकडे आलेला आहे, हे मी सांगितले तेव्हा ते बराच वेळ गप्प होते.

चित्रपटात आमिना जीव देते. मिर्झासाहेब दार उघडून आत येतात. शबनमच्या मृत्यूनंतर हा प्रसंग बलराज यांना करायचा होता. सथ्यूंना सारे ठाऊक होते. येथे रडायचे नाही, असे त्यांनी सांगितले आणि बलराज रडले नाहीत. ते नुसते उभे राहतात, पाहतात. कधी काळी कॅमेऱ्यापुढे ज्यांचे अंग लाकूड होत असे, ते त्या एका दृश्यात हालचालीवाचून, शब्दावाचून जे करून गेले, ते आमच्यासारख्यांनी वर्णन करू नये.

शेवटी मिर्झासाहेबही हरतात. सामान टांग्यात भरून स्टेशनकडे निघतात. वाटेत रोजगार मागणाऱ्यांचा मोर्चा आडवा येतो. सिकंदर टांग्यातून उतरून मोर्चात शिरतो. वडील क्षणभर पाहतात, बायकोच्या हातात घराची किल्ली देऊन टांगा परत फिरवितात आणि स्वतःही त्या गर्दीत चालू लागतात.

आवाज भरण्याचे काम मुंबईत एप्रिल १९७३ मध्ये झाले. माणसाने एकटे किती काळ जगावे, अशा आशयाचे मिर्झासाहेबांचे वाक्य त्यांनी अखेरीस नोंदविले. दुसऱ्या दिवशी, १३ एप्रिलला, हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. साठी पूर्ण व्हायला तीन आठवडेही उरले नव्हते. दंगे होतील या भीतीने चित्रपट सेन्सॉरकडे कित्येक महिने अडकून पडला. १९७४ मध्ये तो प्रथम बंगळूरला प्रदर्शित झाला. दंगा कोठेच झाला नाही. पुढे राष्ट्रीय एकात्मतेचे पारितोषिक त्याला मिळाले. तयार झालेला चित्रपट बलराज साहनी यांनी पाहिलाच नाही.